पप्पांच्या पायांचा वास

सेलू
रविवार, दुपार

प्रिय साक्षी,

तू तिसरीत होतीस तेव्हाची संध्याकाळ आठवते का बघ. सहाच्या सुमारास गल्लीत पप्पांच्या सायकलची घंटी वाजली की तू पाटी तशीच टाकून मागच्या दाराकडे पळायचीस. पप्पा पुढच्या दाराने घरात येत नसत. पुढे बैठक होती आणि बैठकीत बहुतेक वेळा कुणीतरी बसलेलं असायचं. ते मागच्या पायरीवर बसून वीज बोर्डाच्या रबरी बुटांच्या नाड्या सोडायचे आणि तू दोन बोटांनी नाक धरून ओरडायचीस, "आई गं, डीपी उडाली!" मग मी टॉवेल घेऊन बाहेर यायची, एक बूट उचलायची, नाकाजवळ न्यायची आणि शाळेत निकाल वाचावा तशी म्हणायची, "नापास." पप्पा हात जोडायचे. "बाई, फेरपरीक्षा कदी हाय?" तू हसून हसून पायरीवरच लोळायचीस आणि तुझा भाऊ बालाजी, तेव्हा जेमतेम दोन वर्षांचा, काही न कळता तुझ्याबरोबर हसायचा. रोज तोच विनोद असायचा, आणि रोज तेवढंच हसू यायचं.

गेल्या दोन-अडीच महिन्यांत आपण फोनवर जेवढं बोललो तेवढं या एका परिच्छेदात मावलं असतं. जेवलीस का, हो. मुलं कशी आहेत, बरी. पाणी आलं का, आलं. तू फोन उचलतेस, टाळत नाहीस, आणि तेच मला जास्त अवघड जातं. पप्पांच्या पुण्यानुमोदनाच्या दिवशी बालाजी चारचौघांत तुला जे बोलला, त्याबद्दल मला लिहायचं आहे. तिथपर्यंत एकदम पोचता येत नाही, म्हणून जरा लांबून येते. तू घाईने खाली वाचू नकोस.

इकडे सगळं ठीक आहे. ऊन आत्ताच तापायला लागलंय. शेजारची रुख्मिणी सकाळी चहाला येते, मी एकटी आहे म्हणून येते हे दोघींनाही माहीत आहे, पण ती साखर मागायचं निमित्त करते. लिंबाजी गुरुवारी येऊन गेला. पप्पांबरोबर सव्वीस वर्षं खांबावर चढलेला माणूस, पण पायरीवर बसून नुसता नखं कुरतडत राहिला. जाताना म्हणाला, "वैनी, दाराचा बल्ब गेलाय, बदलून देऊ का?" बल्ब गेलेला नव्हता, मीच लावत नाही. तरी मी बदलू दिला.

तुला माहीत आहे, माझे वडील रेल्वेत गार्ड होते आणि मी सिकंदराबादच्या कॉन्व्हेंटमध्ये शिकले. तिथे सिस्टर फिलोमिना नावाची केरळची नन आम्हाला हायजीन शिकवायची. दर सोमवारी प्रार्थनेनंतर रांगेत उभं करून बूट-मोजे काढायला लावायची आणि एकेकीच्या पावलांवरून नजर फिरवत जायची. ओरडायची नाही. बोटांच्या बेचक्यात ओल दिसली की फक्त "अगेन" म्हणायची, आणि त्या मुलीने नळावर जाऊन पाय पुन्हा धुऊन, पुसून यायचं. घाम घाण नसतो, असं ती सांगायची. घामाला वास नसतोच. कातडीवर डोळ्यांना न दिसणारे जीव असतात, ते घामावर आणि मेलेल्या कातडीवर जगतात, आणि वास त्यांचा असतो. बंद बुटात त्यांना अंधार मिळतो, ऊब मिळते, ओल मिळते. मग ते कशाला जातील? मला हे फार पटलं होतं. म्हणजे वास येणारा माणूस गलिच्छ नसतो, त्याला फक्त वाळायला वेळ मिळालेला नसतो. त्या वयात मला हे ऐकून एवढं बरं का वाटलं, कोण जाणे. कदाचित आमच्या वस्तीतल्या मुलींना शाळेत काय काय ऐकावं लागायचं म्हणून असेल.

लग्न होऊन सेलूला आले तेव्हा पहिल्या आठवड्यातच मला कळलं की माझ्या नवऱ्याला त्याच्या पायांची लाज वाटते. बाकी कशाची नाही. बत्तीस फूट खांबावर चढून वादळात तार जोडणारा माणूस, साहेबाशी वाद घालणारा माणूस, पण कुणाच्या घरी जायचं म्हटलं की दारातूनच बोलून परत फिरायचा. बुद्धपौर्णिमेला विहारात सगळे आत बसले, वंदना सुरू झाली, आणि हे बाहेर चिंचेखाली बूट घालूनच उभे. मी विचारलं तर म्हणाले, "मी हितूनच म्हणतो की. बुद्धाला काय, ऐकू येतं." लिंबाजी तेव्हा नवा नवा त्यांच्या हाताखाली लागला होता. तो माझ्यासमोर सांगायचा, "वैनी, दादाचे बूट चोरून आकडा टाकणाऱ्याच्या दारात ठिवले ना, तर तार बी काढील अन् मीटर बी बसवील." हे हसायचे. पण रात्री पाय चादरीबाहेर राहू द्यायचे नाहीत, उन्हाळ्यातसुद्धा.

मग मी ते काम हातात घेतलं, शाळेत एखादा कच्चा मुलगा हातात घ्यावा तसं. विज्ञान शिकवत होतेच. आल्याबरोबर साबणाने पाय धुवायचे, बोटांच्या मधे बोट घालून. वजरीने टाचा घासायच्या, मेलेली कातडी ठेवायची नाही. कोरड्या कपड्याने बेचके पुसायचे, आणि तो कपडा दुसऱ्या कशाला वापरायचा नाही. नायलॉनचे मोजे मी चुलीत घातले आणि सुती सहा जोड आणले, रोज धुतलेला जोड, उन्हाळ्यात दुपारी बदलायला एक खिशात. तुरटीच्या पाण्यात थोडा वेळ पाय. आणि मुख्य म्हणजे बुटांचा दुसरा जोड. आज घातलेला बूट उद्या घालायचा नाही, त्याने चोवीस तास उन्हावाऱ्यात, जीभ बाहेर काढून पडायचं. तुझी आजी, सरजाबाई, ओट्यावरून बघायच्या आणि म्हणायच्या, "लय शिकल्याली सून आणली म्या. नवऱ्याच्या बुटाला नाक लावायलीय!" पण तुरटीचा खडा संपला की बाजारातून गुपचूप त्याच आणून ठेवायच्या.

रोज संध्याकाळी मी दोन्ही जोड उचलून वास घ्यायची आणि उद्याचा जोड घालण्याजोगा वाळलाय का ते सांगायची. पास किंवा नापास. पुढच्या वर्षीच्या बुद्धपौर्णिमेला बूट पास झाले. पप्पांनी ते विहाराच्या दारात काढले, एकदा माझ्याकडे बघितलं, आणि आत जाऊन भंतेजींच्या समोर, पहिल्या रांगेत, मांडी घालून बसले. साक्षी, मला तेव्हा तुझ्या वेळचे दिवस गेले होते. मी बायकांच्या बाजूला बसले होते आणि मला पंचशीलाचा एक शब्द उच्चारता येईना. एवढं सुख मला पुढे तुमच्या जन्मानेही दिलं नाही. हे आईने लिहू नये, पण आज सगळं खरंच लिहायचं ठरवलंय.

तर आमच्या संसारात ती एक रीत पडली. पप्पांचे पाय कसे आहेत हे घरात माझं नाक ठरवायचं. डोळ्यांनी बघायची गरज कधी पडली नाही. निवृत्त झाले, रबरी बूट सुटले, तरी सकाळी फिरायला जाताना कापडी बूट घालायचे आणि दारात थांबून विचारायचे, "पास का नापास?" रक्तात साखर निघाली त्यालाही आता बारा वर्षं झाली. पाय बधिर होत चाललेत हे आम्हाला एका चपलेमुळे कळलं. बाजारातून घरी आले तेव्हा एका पायात चप्पलच नव्हती, वाटेत कुठेतरी निसटली होती आणि यांना पत्ता नव्हता. भाजीवाली बायनाबाई ती उचलून मागोमाग आली. "भाऊ, चप्पल इसरून चालला की हो," म्हणाली. आम्ही तिघेही हसलो. डॉक्टरांनी सांगितलं, अनवाणी फिरायचं नाही, घरातसुद्धा पायात काहीतरी हवं. तेव्हापासून ते घरातही मोजे आणि सॅन्डल घालून असायचे. डॉक्टरांनी आणखी एक सांगितलं होतं, रोज रात्री तळपाय आरशात बघायचे. गोल आरसा आणला मी. पंधरा दिवस बघितलं. मग आरसा कंगव्याशेजारी गेला. मला वाटलं, मी आहे ना.

आता ते लिहिते.

कोरोनाच्या दुसऱ्या लाटेत मला ताप आला होता तो तुला ठाऊक आहे. पाच दिवसांत उतरला, आणि तू रोज व्हिडिओ कॉल करून विचारायचीस, वास येतो का, चव येते का. मी म्हणायची, येतो गं. पहिल्या दिवशी येत नव्हता, दहाव्या दिवशी येत नव्हता, सहा महिन्यांनीही नाही. साक्षी, तो परत आलाच नाही. मला चार वर्षं कशाचाही वास येत नाही. फोडणीचा नाही, फिनेलचा नाही, तू पाठवलेल्या अत्तराचा नाही, तुझ्या धाकट्याच्या टाळूचाही नाही. मी हे कुणालाही सांगितलं नाही. आधी वाटलं, येईल. मग वाटलं, सांगितलं तर तुम्ही दोघं मला गॅसजवळ जाऊ देणार नाही, एकटं राहू देणार नाही, सेलूचं घर बंद करून कुणाच्या तरी फ्लॅटमधल्या एका खोलीत बसवाल. आणि आणखी एक कारण होतं, ते सगळ्यात वाईट आहे. पहिले काही दिवस मला बरं वाटलं. तीस-पस्तीस वर्षं रोज संध्याकाळी एका बुटात नाक घातल्यावर पहिल्यांदाच मला सुट्टी मिळाली होती.

पण पप्पा दारात थांबून विचारायचेच. मी बूट उचलायची, नाकाजवळ न्यायची, तेवढाच वेळ धरायची, आणि "पास" म्हणायची. नापास म्हणायला काही कारण हवं, पास म्हणायला लागत नाही. चार वर्षं सगळे बूट पास झाले. ते खूश असायचे. रुख्मिणीच्या नवऱ्याला सांगायचे, "म्हातारपणी पाय सुधारले माझे."

दिवाळीच्या सुट्टीत तू आलीस. पप्पा टीव्हीसमोर बसले होते, तू त्यांच्या शेजारी टेकलीस आणि लगेच उठून नाक दोन बोटांत धरलंस, लहानपणीसारखं. "पप्पा, आज सपशेल नापास हं!" ते म्हणाले, "तुझ्या मायनं सकाळीच पास केलंय, इचार तिला." सगळे हसले, मुलंही. मग तू स्वयंपाकघरात माझ्यामागे आलीस. तुझ्या हातात चकल्यांचा डबा होता. तू हळू आवाजात म्हणालीस, "आई, हा त्यांचा नेहमीचा वास नाही गं. गोडसर आहे काहीतरी, कुजल्यासारखा. तू पाय बघितलेस का?" मी तुझ्याकडे वळलेसुद्धा नाही. म्हणाले, "नवीन बूट आहेत, त्याच्या रबराचा आहे तो. आणि घाम आहे नेहमीचा. मी बघते रोज." तू डब्याचं झाकण लावलंस. मग म्हणालीस, "तुला कळतंच म्हणा माझ्यापेक्षा," आणि डबा घेऊन बाहेर गेलीस. दुसऱ्या दिवशी सकाळच्या गाडीने तुम्ही पुण्याला निघालात. हे सगळं असंच झालं. एक शब्द इकडचा तिकडे नाही. मी ते इतक्या वेळा मनात म्हटलंय की आता धड्यासारखं पाठ झालंय.

तू गेल्यावर चार दिवसांनी रुख्मिणी दारात आली आणि पदर नाकाला लावून म्हणाली, "वैनी, उंदीर मेलाय का हो कुटं?" मी म्हणाले, मेला असेल. आम्ही दोघांनी उंदीर शोधला, साक्षी. दोन दिवस. पेट्या सरकवल्या, कोठीमागे झाडलं, धान्याचं पिंप हलवलं. पप्पांनी स्वतः ते पिंप पायाने रेटलं. त्याच पायाने. मला तेव्हा तुझं बोलणं आठवलं का? आठवलं. मी ते बाजूला ठेवलं. आपण चुकलो असू असं वाटायला लागलं की माणूस आणखी जोरात उंदीर शोधतो.

तिसऱ्या दिवशी लिंबाजी आला. पप्पांशेजारी बसला, थोडा वेळ इकडचं तिकडचं बोलला, मग पप्पांच्या पायांकडे बघायला लागला. म्हणाला, "दादा, मोजा काढा." हे म्हणाले, "काय येडा झाला का?" त्याने ऐकलं नाही, खाली बसून पाय मांडीवर घेतला आणि मोजा काढायला लागला, तर तो निघेना. पाण्याने भिजवून काढावा लागला आणि मोज्याबरोबर आणखीही काही निघून आलं. मग त्याने फिरायला जायचा बूट आणून आत बघितलं, तर तळातून सळया बांधायच्या बाइंडिंगच्या तारेचं एक इंचभर टोक आत आलेलं होतं. किती आठवडे ते त्यावर चालले असतील, सांगता येत नाही. पप्पा पायाकडे वाकून बघत होते, जणू दुसऱ्या कुणाचा आहे. म्हणाले, "दुखत तर काहीच न्हाई." मग माझ्याकडे बघून हसले आणि म्हणाले, "बाई, तुमी तर पास केलतं."

त्यात टोमणा नव्हता. त्यांना तेव्हाही कळलं नव्हतं. शेवटपर्यंत मी त्यांना सांगितलं नाही.

नांदेडला नेलं, तिथलं तुला माहीत आहे, तू आलीच होतीस. आधी बोटं कापली, मग घोट्याच्या वर, मग गुडघ्याखाली. तुला माहीत नाही ते एवढंच, की पहिल्या दिवशी तू पोचण्याआधी डॉक्टरांनी मला बाजूला घेऊन विचारलं होतं, "मावशी, एवढ्या दिवसांत घरात कुणालाच वास आला नाही?" मी म्हणाले, त्यांच्या पायांना पहिल्यापासून घाम येतो. ते तरुण होते, रागावले नाहीत. म्हणाले, "साखर अशी जुनी झाली की बहुतेकांच्या पायांना घाम यायचा कमी होतो, पाय कोरडे पडतात. घामाचा वास तर केव्हाच गेला असणार." मी विज्ञानाची शिक्षिका. नखं काढून देताना त्यांच्या टाचांना पडलेल्या भेगा मी बघितल्या होत्या, पायावरून हात फिरवला की कागदासारखा आवाज यायचा. तरी तुला मी स्वयंपाकघरात सांगितलं, नेहमीचा घाम आहे. अकराव्या दिवशी ते गेले.

त्यानंतर पुण्यानुमोदनाचा दिवस. भंतेजी निघून गेले होते, जेवणं चालू होती. तू दवाखान्यात रडताना बालाजीला म्हणाली होतीस, मला दिवाळीतच वास आला होता रे. तेवढंच त्याने धरून ठेवलं होतं. पत्रावळीवर बसलेल्या माणसांसमोर तो म्हणाला, "ताईला वास आला व्हता. औषधाच्या दुकानात बसती ती रोज, तिला कळत न्हाई का? नाक धरून हासली अन् निघून गेली." सगळे तुझ्याकडे बघायला लागले. तुझ्या आत्याबाईंचा हात वाढता वाढता थांबला. तुला एक वाक्य बोलायचं होतं: मी आईला सांगितलं होतं. तू माझ्याकडे बघितलंस. फार वेळ नाही, आमटीचं भांडं एका हातातून दुसऱ्या हातात घेण्याएवढा. आणि तू ते वाक्य बोलली नाहीस. मी तिथेच, खांबाला टेकून बसले होते. मीही बोलले नाही. तू भांडं खाली ठेवलंस, बॅग भरलीस आणि संध्याकाळच्या गाडीने गेलीस.

लोक म्हणतात, बाई धीराची आहे, डोळ्यातून पाणी काढलं नाही. ते धीर वगैरे काही नाही. मला काही होतच नाही, साक्षी. सकाळी उठते, चहा करते, दोन कप करते, एक ओतून देते. तेव्हाही काही होत नाही. त्यांचा सदरा नाकाशी धरून बघितला. बायका म्हणतात, महिनोन्महिने माणसाचा वास कपड्यात राहतो. असेल. मागच्या आठवड्यात परभणीला कानाच्या-नाकाच्या डॉक्टरांकडे एकटीच जाऊन आले. त्यांनी चार बाटल्या हुंगायला दिल्या, मी चारही वेळा नाही म्हणाले. आता बहुतेक येणार नाही म्हणाले. गॅसची गळती ओळखून ओरडणारं एक यंत्र मिळतं, ते लावून घ्या म्हणाले. लावलं आहे. लिंबाजीनेच बसवून दिलं, आणि हे कशाला, असं त्याने विचारलं तेव्हा मी त्याला सगळं सांगितलं. तोंडाने ज्याला सांगितलं तो पहिला माणूस. त्याने हत्यारं पिशवीत भरली. मग म्हणाला, "मला सांगितलं तसं लेकरायला सांगा, वैनी."

तुझ्या दुसऱ्या बाळंतपणात साखर वाढली होती हे मी विसरले नाही. म्हणून आणखी एवढं वाच. पाय रोज धू, पण गरम पाण्यात बुडवून बसू नकोस. पुसताना बेचके कोरडे कर. बूट घालण्याआधी उलटा करून झटक आणि आत हात फिरव. वास येणं ही लाजेची गोष्ट नाही, तो नेहमीचा असला तर ऊन आणि साबण पुरतात. पण तो बदलला, किंवा एकाच पायाचा आला, तर कुणी काहीही म्हणो, घरातलं कितीही मोठं माणूस म्हणो की मी बघते रोज, तू मोजा काढून बघ.

आता कुणाला काय द्यायचं ते लिहिते, कारण मी हे पत्र त्यासाठीच लिहायला बसले. पुढच्या रविवारी बालाजी पप्पांचं सामान काढायला येणार आहे आणि मला तूही यायला हवी आहेस. पप्पांचे चामड्याचे दोन काळे जोड लिंबाजीला द्यायचे, त्याचाही नंबर नऊच आहे. आठ दिवस उन्हात ठेवलेत, आत कागदाचे बोळे घातलेत. वास राहिला असला तर मला कळणार नाही, तेव्हा त्याने घालण्याआधी बघून घ्यावं. साखर बघायचं यंत्र रुख्मिणीला, तिच्या नवऱ्याची निघालीय. पट्ट्यांची तारीख उलटलीय का ते तू बघून दे. पक्कड, टेस्टर आणि खांबावर चढायचा पट्टा बालाजीला. विहाराच्या दाराशी चपलांसाठी एक लाकडी मांडणी करून द्यायची, तिच्यावर नाव घालायचं नाही. ज्या बुटात तार होती तो कुणालाच नाही, तो मी ठेवते. गोल आरसा तुला. हेच पत्र मी हाताने दुसऱ्यांदा लिहून काढलं आहे आणि ते बालाजीला आजच्याच टपालाने जाईल, एकही ओळ न गाळता, स्वयंपाकघरातल्या तुझ्या वाक्यासकट. जेवणाच्या पंगतीत बसलेल्या माणसांना मी एकेकाच्या घरी जाऊन सांगेन, आत्याबाईंपासून सुरुवात करेन. त्या दिवशी तुला सगळ्यांसमोर जे मिळालं ते तुझं नव्हतं, साक्षी. ते माझं होतं. रविवारी येशील तेव्हा घेऊन ये आणि मला परत दे.

तुझीच,
आई